न्यू होरायझन्स: संग्रहालयाचा संग्रह कोणत्या क्रमाने पूर्ण करावा?

निळाशिंपला:

नमस्कार. ‘अ‍ॅनिमल क्रॉसिंग: न्यू होरायझन्स’ हा व्हिडिओ गेम मी आणि माझी धाकटी बहीण एकाच बेटावर खेळतो. आमचे बेट उत्तर गोलार्धातले आहे आणि घड्याळात कोणताही फेरफार न करता, खऱ्या तारखेप्रमाणे व खऱ्या वेळेप्रमाणेच आम्ही खेळत आलो आहोत. बेट वसवणाऱ्या टॉम नुककडे सुरुवातीचे 5 जीव दिले, संग्रहालय चालवणाऱ्या ब्लॅदर्स या घुबडाचा तंबू लागला, त्याला आणखी 15 जीव दिल्यावर संग्रहालयाची पक्की इमारत उभी राहिली. पुढे 60 वस्तू जमा झाल्या, रेड नावाचा तो कलाकृती विकणारा कोल्हा येऊन गेला, त्याच्याकडून घेतलेल्या पहिल्या चित्रामुळे कलादालनही उघडले. इथपर्यंत संग्रह आपोआप वाढत होता, कारण जे हाती लागेल ते नवेच असे.

आता मात्र गळ टाकला की तेच ते सी बास मिळतात, जमिनीतून निघणारे जीवाश्म बहुतेक वेळा आधीच दिलेले असतात, आणि काही दालनांत इतक्या टाक्या रिकाम्या आहेत की कुठून सुरुवात करावी हे कळत नाही. सध्या ऑगस्टचा तिसरा आठवडा चालू आहे. आम्हाला रोज संध्याकाळी साधारण सात ते आठ हा एक तास मिळतो. सुट्टीच्या दिवशी थोडा अधिक.

माझे प्रश्न असे आहेत. मासे, कीटक, समुद्री जीव, जीवाश्म आणि कलाकृती या पाच विभागांपैकी आधी कशाकडे लक्ष द्यावे? क्रिटरपीडियात, म्हणजे खेळातल्या जीवांच्या नोंदवहीत, एखाद्या जीवाचे महिने आणि तास तो पकडल्यानंतरच दिसतात, मग जो पकडलेलाच नाही त्याचा माग कसा काढायचा? रेडकडच्या कलाकृतींपैकी खरी कोणती हे कसे ओळखायचे? आणि घड्याळ पुढेमागे करणे कितपत योग्य आहे? आम्हाला संग्रह लवकर संपवायची घाई नाही, परंतु केवळ माहिती नव्हती म्हणून एखादा जीव वर्षभरासाठी हुकला, असे होऊ नये, एवढी इच्छा आहे.

रानवाट:

तुमचा मुख्य प्रश्न क्रमाचा आहे, म्हणून त्याचे उत्तर आधी देतो. जो जीव लवकर जाणार आहे तो आधी पकडावा आणि जो वर्षभर राहणार आहे तो मागे ठेवावा. बहुतेक खेळाडू दुर्मीळ जीवांच्या मागे आधी धावतात, कारण त्यांची कीर्ती मोठी असते. पण संग्रहालयाच्या दृष्टीने दुर्मीळ असणे आणि निसटून जाणे या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत. सीलाकँथ या माशाचेच पाहा. तो दुर्मीळ खरा, पण वर्षाच्या कोणत्याही महिन्यात, दिवसाच्या कोणत्याही तासाला, पाऊस पडत असला की समुद्रात मिळू शकतो. आज हुकला तर पुढच्या पावसात भेटेल. याउलट झाडाच्या खोडावर बसून ओरडणारा साधा तपकिरी सिकाडा ऑगस्टच्या अखेरीस निघून गेला, की पुढच्या जुलैपर्यंत, म्हणजे तब्बल दहा महिने, त्याची जागा रिकामी राहते.

म्हणून तुमच्यासाठी या आठवड्यात सर्वांत महत्त्वाचा विभाग कीटकांचा आहे. उत्तर गोलार्धात फक्त जुलै आणि ऑगस्ट या दोनच महिन्यांत येणाऱ्या कीटकांची संख्या मोठी आहे. नारळाच्या झाडांवर बसणारे गोल्डन स्टॅग, जिराफ स्टॅग, सायक्लोमॅटस स्टॅग, हॉर्न्ड अ‍ॅटलस, हॉर्न्ड एलिफंट आणि हॉर्न्ड हर्क्युलिस हे सगळे भुंगे संध्याकाळी 5 ते सकाळी 8 या वेळेत येतात, त्यामुळे तुमचा रोजचा तास त्यांच्यासाठी अगदी योग्य आहे. जायंट स्टॅग आणि स्कॅरब बीटल मात्र रात्री 11 नंतरच साध्या झाडांवर दिसतात, तेव्हा त्यांच्यासाठी एखाद्या रात्री मुद्दाम जागावे लागेल. सिकाडांची गोष्ट नेमकी उलटी आहे. तपकिरी, रोबस्ट आणि जायंट हे तिन्ही सिकाडा सकाळी 8 ते संध्याकाळी 5 एवढ्याच वेळात असतात, म्हणजे तुमच्या तासात ते कधीच दिसणार नाहीत. त्यांच्यासाठी सुट्टीची दुपार राखून ठेवा. संध्याकाळचा जो सिकाडा आहे तो पहाटे 4 ते 8 आणि दुपारी 4 ते संध्याकाळी 7 असा दोनदा येतो. याशिवाय झाडाला चिकटलेली सिकाडाची रिकामी कात हीसुद्धा संग्रहात स्वतंत्र नोंद म्हणून गणली जाते. ती ओरडत नाही, हलत नाही, त्यामुळे शेजारून जाताना सहज नजरेतून सुटते.

माशांमध्ये नेपोलियन फिश हा मोठा मासा ऑगस्टनंतर जाणारा आहे; तो समुद्रात पहाटे 4 ते रात्री 9 या वेळेत मिळतो. तळ्यातला बेडूक आणि किलिफिशही ऑगस्टअखेर जातात, पण ते सोपे आहेत. समुद्री जीवांत व्हॅम्पायर स्क्विड ऑगस्टपर्यंतच आहे आणि तो दुपारी 4 नंतर दिसतो, त्यामुळे वेटसूट घालून तुमच्या तासातली काही मिनिटे बुडी मारण्यासाठी जरूर ठेवा.

एवढे झाले की सप्टेंबरअखेर जाणाऱ्यांकडे वळावे. ग्रेट व्हाइट, हॅमरहेड, सॉ शार्क आणि व्हेल शार्क या चारही शार्कांचा काळ जून ते सप्टेंबर आहे. पाण्यातल्या सावलीवर पाठीचा पर दिसला तर तो शार्क, सनफिश किंवा सकरफिश यांपैकी एक असतो, म्हणून अशी सावली कधीही सोडू नका. नदीतला डोराडो, अरापाइमा आणि अरोवाना, तळ्यातला गार, समुद्रतळाशी भयंकर वेगाने पळणारा जायंट क्लॅम, हेसुद्धा सप्टेंबरपर्यंतच आहेत.

आता सर्वांत निसरडी नोंद सांगतो. सॅमन आणि किंग सॅमन हे दोन मासे उत्तर गोलार्धात केवळ सप्टेंबर महिन्यात, आणि तेही फक्त नदीच्या मुखाशी मिळतात. वर्षातला एकच महिना असलेले जीव फार थोडे आहेत. 1 सप्टेंबरपासून रोज नदीच्या मुखाशी काही वेळ गळ टाकण्याची सवय ठेवलीत, तर दोन्ही मिळतील. त्याच ठिकाणी सप्टेंबर ते मार्च या काळात स्टर्जनही येतो, त्यामुळे ती फेरी तिघांसाठी उपयोगी पडते.

तास आणि महिना यांच्याइतकेच ठिकाणही महत्त्वाचे आहे, आणि ते पुष्कळ जण विसरतात. खेळाच्या दृष्टीने नदी, कड्यावरून वाहणारी नदी, नदीचे मुख, तळे, समुद्र आणि धक्का ही सहा वेगळी पाणवठ्याची ठिकाणे आहेत. गोल्डन ट्राउट कड्याखालच्या नदीत कितीही वेळ बसलात तरी येणार नाही. ट्यूना, ब्लू मार्लिन, माही-माही आणि जायंट ट्रेव्हली हे फक्त धक्क्यावरून मिळतात, आणि धक्क्याजवळ सावल्या क्वचितच येतात, म्हणून तिथे आमिष टाकणे हाच शहाणा मार्ग. किनाऱ्यावर वाळूतून पाण्याची चिळकांडी उडते तिथे फावड्याने उकरले की शिंपला निघतो आणि एका शिंपल्यापासून एक आमिष होते. नेहमीच्या समुद्रकिनाऱ्यावर आमिष वाया घालवू नका. ते धक्का, नदीचे मुख आणि कडा या तीन ठिकाणांसाठीच साठवा.

काही कीटक वाट पाहून येत नाहीत, त्यांच्यासाठी परिस्थिती तयार करावी लागते. सडलेला सलगम जमिनीवर ठेवला की त्यावर मुंग्या आणि माश्या येतात, तोडलेल्या झाडाच्या बुंध्यांवर रोझेलिया आणि व्हायोलिन बीटल बसतात, पावसात खडकांवर गोगलगाय सापडते, शेजाऱ्याच्या अंगावर पिसू उड्या मारताना दिसली तर त्याच्यावर जाळी मारावी लागते. म्हणून बेट सजवताना सगळे बुंधे उपटून टाकू नका. चार-पाच तरी कोपऱ्यात राहू द्या.

हाडांचामाग:

जीवाश्मांविषयी मी लिहितो, कारण त्या विभागाचा नियम बाकीच्यांपेक्षा वेगळा आहे. तिथे ऋतू नाही, तास नाही, पाऊस नाही. आहे तो केवळ योगायोग. संग्रहात एकूण 73 नोंदी आहेत आणि बेटावर साधारणपणे रोज 4 जीवाश्म मिळतात. जमिनीवरची चांदणीसारखी भेग पाहून उकरायचे आणि ब्लॅदर्सकडून तपासून घ्यायचे.

प्रत्येक जीवाश्म मिळण्याची शक्यता सारखी मानली, तर हिशेब असा होतो. पहिल्या निम्म्या नोंदी सुमारे 12 दिवसांत भरतात, कारण तेव्हा जवळजवळ प्रत्येक वस्तू नवी असते. पण संपूर्ण 73 एकट्याने जमवायला सरासरी 89 दिवस लागतात, म्हणजे उरलेल्या अर्ध्यासाठी जवळपास अडीच महिने. शेवटची एकच नोंद बाकी असेल तर तिच्यासाठीच सरासरी 18 दिवस जातात. तुम्हाला आज जी मरगळ जाणवते आहे तिचे कारण तुमचे नशीब नसून हे गणित आहे, आणि ते प्रत्येक खेळाडूच्या वाट्याला येते.

त्यावर उपाय एकच, आणि तो म्हणजे अदलाबदल. निम्म्यापर्यंत पोहोचेपर्यंत दुसऱ्याची गरज नसते, परंतु त्यानंतर जास्तीचे जीवाश्म विकून टाकण्याऐवजी घरातल्या साठ्यात ठेवावेत. जीवाश्म साठ्यात राहतात (मासे आणि कीटक राहत नाहीत), त्यामुळे महिन्याभरात चांगला संच जमतो. मग ज्यांच्याकडे तुम्हाला हवी असलेली कवटी जास्तीची आहे आणि ज्यांना तुमच्याकडचे शेपूट हवे आहे, अशांशी देवाणघेवाण केली की शेवटचा रटाळ भाग दोन-तीन भेटींत संपतो. दोन खेळाडू एकमेकांचे जास्तीचे जीवाश्म देत राहिले, तर दोघांचाही वेळ लक्षणीय कमी होतो.

एक गोष्ट विषयाला धरूनच सांगतो. जीवाश्मांच्या दालनात जमिनीवरून जाणाऱ्या रेषा नीट पाहा. त्या सजावटीच्या नाहीत. सजीवांचा वंशवृक्ष त्यांतून दाखवला आहे आणि त्या रेषा सांगाड्यांपासून निघून शेवटी आजच्या प्राण्यांच्या आकृत्यांपर्यंत पोहोचतात. तिथे माणसासाठीही एक जागा ठेवलेली आहे. मोठे सांगाडे तुकड्या-तुकड्यांनी पूर्ण होतात, म्हणून एखाद्या डायनासोरची केवळ कवटी आणि पाय एवढेच महिनाभर दिसत राहतात, पण त्या अपूर्ण अवस्थेतही रेषेवरची त्याची जागा पक्की असते. मला हे संपूर्ण खेळातले सर्वांत विचारपूर्वक रचलेले दालन वाटते आणि ते घाईने भरून टाकण्यापेक्षा हळूहळू भरताना पाहणे अधिक समाधानाचे आहे.

पहाटपाळी:

घड्याळाच्या प्रश्नावर थोडे वेगळे मत मांडतो. घड्याळ बदलणे ही लबाडी आहे असे मानणारे बरेच जण भेटतात, परंतु ज्याचे काम रात्रपाळीचे आहे किंवा ज्याला ठराविक तासच मोकळे मिळतात, त्याने आयुष्यात कधीही सिकाडा पकडू नये, असा त्याचा अर्थ होतो. म्हणून मी महिना किंवा वर्ष न बदलता केवळ दिवसातले तास मागेपुढे करतो. त्यामुळे ऋतूंची चढउतार जशीच्या तशी राहते आणि कामाच्या वेळेमुळे होणारा अन्याय तेवढा दूर होतो. एवढेच लक्षात असू द्या की सलगम घेतलेले असताना घड्याळ मागे नेले तर ते सगळे सडतात, आणि खूप दिवस पुढे उडी मारली तर बेटावर तण माजते. हा बदल खेळात नसून कन्सोलच्या सेटिंगमध्ये करावा लागतो, त्यामुळे त्याच कन्सोलवर दुसरी व्यक्ती खेळत असेल तर तिला आधी विचारावे.

रानवाट:

पहाटपाळी, तुमची अडचण खरी आहे आणि केवळ तास बदलण्याला माझा विरोध नाही. पण प्रश्नकर्त्यांना जमण्यासारखा दुसरा एक मार्ग आहे, आणि त्यात घड्याळाला हात लावावा लागत नाही. दक्षिण गोलार्धातले बेट निवडलेल्या एखाद्या मित्राकडे भेटीला जावे. तिथले महिने बरोबर सहा महिन्यांनी सरकलेले असतात, म्हणजे आपल्या ऑगस्टमध्ये तिथे कडाक्याचा हिवाळा असतो. कड्यावरच्या नदीतला स्ट्रिंगफिश, बर्फाच्या गोळ्याला ढकलत जाणारा शेणकिडा, धक्क्यावरचा ट्यूना हे सगळे आपल्याकडे डिसेंबरच्या आसपास येणारे जीव तिथे आजच पकडून आणता येतात आणि आपल्या ब्लॅदर्सला देता येतात. गळ आणि जाळी पाहुण्याला मोकळेपणाने वापरता येते. फावडे आणि कुऱ्हाड वापरण्यासाठी मात्र यजमानाने तुम्हाला जिवलग मित्र म्हणून मान्यता दिलेली असावी लागते.

तरीही मी स्वतः हिवाळ्यातले जीव हिवाळ्यासाठीच ठेवतो. डिसेंबरमध्ये बेटावर पहिला बर्फ पडतो तेव्हा संग्रहात भर घालण्यासारखे काही शिल्लक असणे, ही त्या महिन्याची सर्वांत मोठी गंमत आहे. ज्यांना दालने भरलेली पाहण्याची अधिक ओढ आहे त्यांनी दक्षिणेकडे जरूर जावे.

चौकटीपलीकडे:

कलादालनाविषयी अजून कोणी लिहिले नाही, आणि तो तर माझ्या सर्वांत आवडीचा भाग आहे. हे दालन 2020 च्या एप्रिलमधल्या अपडेटने आले. त्यात 43 कलाकृती आहेत, 30 चित्रे आणि 13 शिल्पे, आणि त्या सगळ्या जगात प्रत्यक्ष अस्तित्वात असलेल्या कृतींवर आधारलेल्या आहेत. रेडकडची पहिली वस्तू नेहमी खरी असते. तिची किंमत तो आधी 498,000 बेल्स (खेळातले पैसे) सांगतो आणि मग 4,980 वर येतो. त्यानंतर मात्र त्याच्या जहाजावर खरे आणि नकली एकत्र मांडलेले असते. नकली वस्तू ब्लॅदर्स स्वीकारत नाही आणि दुकानातही ती विकली जात नाही.

ओळखण्यासाठी पाठांतरापेक्षा मूळ कृती पाहणे अधिक उपयोगी पडते. खरेदीपूर्वी वस्तू जवळून पाहण्याची सोय खेळातच आहे. ती वापरताना शेजारी मूळ चित्राचे छायाचित्र उघडून ठेवावे. मोठ्या संग्रहालयांच्या संकेतस्थळांवर ही छायाचित्रे मोफत आणि मोठ्या आकारात मिळतात. नकली कृतीत केलेला बदल बहुधा एकच असतो, पण तो चित्राच्या प्राणावर केलेला असतो. लिओनार्दोच्या मोनालिसाच्या नकली प्रतीत भुवया वर चढवलेल्या आहेत. हेग येथील माउरित्सहाउसमध्ये असलेल्या फर्मेयरच्या मोती घातलेल्या मुलीच्या कानात नकली प्रतीत मोत्याऐवजी चांदणीच्या आकाराचे डूल आहे. त्याच चित्रकाराची दूध ओतणारी बाई अ‍ॅमस्टरडॅमच्या राइक्सम्यूझियममध्ये आहे; मूळ चित्रात दुधाची धार अतिशय बारीक आहे आणि त्या बारीक धारेतच सगळी शांतता आहे, नकली चित्रात मात्र दूध भसाभसा ओतले जात आहे. ब्रॉयगलच्या 1565 मधल्या बर्फातल्या शिकाऱ्यांच्या चित्रात नकली प्रत असेल तर शिकारी कमी दिसतात.

शिल्पांमध्ये फरक अधिक ठळक आहेत. मायकेलअँजेलोच्या डेव्हिडच्या काखेत पुस्तक असेल, थाळीफेक करणाऱ्या ग्रीक खेळाडूच्या मनगटावर घड्याळ असेल, चिनी मातीच्या सैनिकाच्या हातात फावडे असेल, शांग काळातल्या मोठ्या कांस्य पात्राला झाकण असेल, रोमच्या लांडगिणीची जीभ बाहेर आलेली असेल, किंवा रोझेटा शिळा निळी असेल, तर ती वस्तू घेऊ नये. नेफरतितीच्या अर्धपुतळ्याला कर्णभूषण नसते. असेल तर तोही नकली.

काही कृतींची नकली प्रत खेळात नाहीच, म्हणून त्या दिसताच निःशंकपणे घ्याव्यात. व्हॅन गॉगची सूर्यफुले आणि तारांकित रात्र, होकुसाइची प्रचंड लाट, टर्नरचे टेमेरेअर जहाज, मिलेची सरवा वेचणाऱ्या स्त्रियांची आणि पेरणी करणाऱ्या शेतकऱ्याची चित्रे, मानेचा बासरीवादक मुलगा, सेझानची सफरचंदे आणि संत्री, सूराचे नदीकाठच्या रविवारचे चित्र, रोदँचा विचारमग्न पुरुष, कामेहामेहा राजाचा पुतळा ही त्यांतली मुख्य नावे आहेत.

आता व्यवहाराचे. रेडकडून एका खेळाडूला एका दिवशी एकच कलाकृती घेता येते, परंतु तुम्ही दोघे एकाच बेटाचे रहिवासी असल्यामुळे बहीणही स्वतःच्या नावाने एक घेऊ शकते. जहाजावर दोन खऱ्या वस्तू असतील तर दोन्ही मिळतात. मित्राच्या बेटावर रेड आला असेल तर तिथेही पाहुणा म्हणून खरेदी करता येते. वस्तू दुसऱ्या दिवशी टपालाने येते. 2021 च्या नोव्हेंबरमधल्या 2.0 अपडेटनंतर हार्व नावाच्या पात्राच्या बेटावर रेडचे कायमचे दुकान उघडता येते. त्यासाठी तिथल्या प्रत्येक विक्रेत्याकरिता 100,000 बेल्स जमा करावे लागतात. कलादालन पूर्ण करायचे असेल तर हा खर्च टाळू नका, कारण बेटावर रेड कधी येईल याचा भरवसा नसतो. हा विभाग सर्वांत शेवटी पूर्ण होईल हे आधीच मान्य केलेत, तर त्याचा ताण राहणार नाही.

निळाशिंपला:

सर्वांचे मनापासून आभार. काल संध्याकाळपासूनच आम्ही नारळाच्या झाडांकडे मोर्चा वळवला आहे. हॉर्न्ड अ‍ॅटलस आणि हॉर्न्ड एलिफंट मिळाले, पण गोल्डन स्टॅग जवळ जाताच उडून जातो. त्याच्यासाठी काही वेगळी पद्धत आहे का? दुसरे असे की आम्ही दोघे एकाच संग्रहालयाला देतो, तर एकाने पकडलेला जीव दुसऱ्याने पुन्हा पकडण्याची गरज असते का?

रानवाट:

गोल्डन स्टॅगसाठी धावणे पूर्णपणे बंद करा. झाड पडद्यावर दिसू लागल्यापासूनच चालत जायचे. थोडे अंतर राहिले की जाळीचे बटण दाबून धरा, म्हणजे जाळी उगारलेल्या स्थितीत पात्र आणखी हळू सरकते. भुंगा हलू लागला की जागीच थांबा, तो स्थिर झाला की पुन्हा एक-दोन पावले टाका, आणि जाळीच्या टप्प्यात आल्यावरच बटण सोडा. हीच पद्धत नोव्हेंबरपासून टॅरँटुला या मोठ्या कोळ्यासाठी लागेल. तो पुढचे पाय वर उचलतो तेव्हा थांबायचे असते. आपल्या बेटावर नारळाची झाडे कमी असतील तर नुक माइल्सचे (खेळात कामे करून मिळणाऱ्या गुणांचे) तिकीट घेऊन दुसऱ्या बेटावर जा आणि किनाऱ्यावरून सावकाश एक फेरी मारा. एका वेळी बेटावर ठराविकच कीटक राहू शकतात, त्यामुळे फुलांवरची फुलपाखरे पकडून किंवा पळवून जागा मोकळी केली की झाडांवर नवे कीटक येण्याची शक्यता वाढते.

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर दोन भागांत आहे. संग्रहालय बेटाचे असते, म्हणून कोणीही एकाने दिले की नोंद पूर्ण होते आणि ब्लॅदर्स तोच जीव दुसऱ्याकडून पुन्हा घेत नाही. क्रिटरपीडिया मात्र प्रत्येक खेळाडूचा स्वतंत्र असतो. सर्व मासे स्वतः पकडणाऱ्याला सोन्याच्या गळाची आणि सर्व कीटक पकडणाऱ्याला सोन्याच्या जाळीची कृती मिळते, आणि ती त्या-त्या खेळाडूच्याच मोजणीवर अवलंबून असते. बहिणीला सोन्याची जाळी हवी असेल तर तिने हे सगळे भुंगे या महिन्यात स्वतःही पकडायला हवेत. देण्याचे काम मात्र वाटून घ्यावे.

हाडांचामाग:

त्याला जोडूनच एक सूचना. पकडलेला जीव विकण्यापूर्वी क्रिटरपीडियात त्याच्या पानावर घुबडाची खूण आहे का, हे नेहमी पाहावे. खूण असेल तर तो संग्रहालयात आधीच आहे. दोघे जण खेळत असताना एकाला वाटते की दुसऱ्याने दिला असेल, आणि अशा गैरसमजात ऋतूतला एकमेव नमुना दुकानात विकला जातो. ब्लॅदर्सकडे एका वेळी अनेक वस्तू देता येतात, त्यामुळे तुमचा तास संपण्यापूर्वीची शेवटची पाच मिनिटे रोज संग्रहालयासाठी ठेवलीत तर काहीच राहून जाणार नाही. तो दिवसा झोपलेला असतो, पण संग्रहालय चोवीस तास उघडे असते आणि त्याला उठवलेले चालते.

जीवाश्मांच्या अदलाबदलीसाठी माझ्याकडचे जास्तीचे नग मी बाजूला काढून ठेवले आहेत. तुमच्याकडे कोणते नाहीत याची यादी इथे लिहा. जे जुळतील ते या शनिवारी देतो.